पर्ल हार्बरच्या वादात पहिल्यांदा शिरताना

पर्ल हार्बरवर वाचायला बसलं की बहुतेकांचं एकच होतं. पहिलं पुस्तक वाचून वाटतं, अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांना सगळं आधीच ठाऊक होतं. दुसरं वाचून वाटतं, हवाईतले सेनापतीच गाफील होते. तिसरं सांगतं की अमेरिकेनं जपानचं तेल तोडलं तिथेच युद्ध ठरलं. तिघांकडे अस्सल कागद असतात आणि सहसा तिघंही खोटं बोलत नसतात. घोळ असा की ते वेगवेगळ्या प्रश्नांची उत्तरं देत असतात, आणि एकाच कागदाची तारीख वेगवेगळ्या रीतीने धरत असतात. या दोन जागा सांभाळल्या की वाद निदान कळू लागतो.

मूळ घटना थोडक्यात. ७ डिसेंबर १९४१, रविवार, सकाळी आठच्या सुमारास सहा जपानी विमानवाहू नौकांवरून निघालेल्या साडेतीनशेच्या आसपास विमानांनी दोन लाटांत हवाईतल्या ओआहू बेटावर, मुख्यतः तिथल्या पर्ल हार्बर या अमेरिकी आरमाराच्या तळावर, हल्ला केला. २,४०३ अमेरिकन मेले, त्यातले १,१७७ एकट्या ‘ॲरिझोना’ या बॅटलशिपवर. बंदरातल्या आठही बॅटलशिपांना मार बसला, चार बुडाल्या. इथवर कुणाचं भांडण नाही. भांडण ‘का’ या शब्दापासून सुरू होतं.

हाताशी काय हवं

• एक वही. प्रत्येक पानावर पाच रकाने: कागद कोणता, कधी लिहिला, कधी पकडला, कधी उलगडून भाषांतर झालं, कुणाच्या हाती पडला.
• वॉशिंग्टन, होनोलुलू (हवाईची राजधानी) आणि टोकियो यांच्या घड्याळांचा तक्ता (दुसऱ्या पायरीत दिला आहे).
• पॅसिफिकचा मोठा नकाशा. फक्त हवाईचा नको. मलाया (आजच्या मलेशियाचा भाग), फिलिपिन्स आणि डच ईस्ट इंडीज (आजचा इंडोनेशिया) त्यावर दिसले पाहिजेत.
• माणसांची यादी. किमेल (पॅसिफिक आरमाराचे प्रमुख), शॉर्ट (हवाईतल्या लष्कराचे प्रमुख), स्टार्क (वॉशिंग्टनमध्ये नौदलप्रमुख), मार्शल (लष्करप्रमुख), स्टिम्सन (युद्धमंत्री), हल (परराष्ट्रमंत्री). जपानकडून कोनोए (पंतप्रधान), तोजो (त्यांच्यानंतरचे पंतप्रधान), यामामोतो (जपानी आरमाराचे सेनापती), नागुमो (हल्ला करणाऱ्या ताफ्याचे प्रमुख), आणि वॉशिंग्टनमधले राजदूत नोमुरा व त्यांच्या जोडीला आलेले कुरुसु.

अमेरिकी काँग्रेसच्या संयुक्त समितीच्या सुनावण्या ३९ भागांत छापलेल्या आहेत. त्या पहिल्या पानापासून वाचायला घेऊ नका, दहाव्या दिवशी सोडून द्याल. दुसऱ्याच्या पुस्तकात एखादा दावा खटकला की त्या साक्षीपुरता तो भाग उघडायचा.

१. आधी प्रश्न वेगळे काढा

‘पर्ल हार्बर का घडलं?’ या एका वाक्यात चार प्रश्न आहेत. जपानने युद्ध का पत्करलं? युद्धाची सुरुवात हवाईपासून का केली? अमेरिकेला हल्ल्याचा अंदाज का आला नाही? दोष कुणाचा?

चौघांचे पुरावे वेगळे असतात. तेलबंदी पहिल्या प्रश्नात मोलाची, पण तिसऱ्यात फारशी कामाची नाही. त्या सकाळी रडारच्या पडद्यावर दिसलेली विमानं तिसऱ्यात महत्त्वाची, पहिल्यात शून्य. आणि चौथा प्रश्न तर इतिहासापेक्षा कोर्टाच्या जवळचा आहे. तिथे ‘काय घडलं’ याहून ‘काय करायला हवं होतं’ यावर खल चालतो.

पहिला आणि दुसरा प्रश्न एक समजणं ही नेहमीची चूक. यामामोतोंनी हवाईवरच्या हल्ल्याची कल्पना नौदलमंत्र्यांना ७ जानेवारी १९४१ च्या पत्रात लिहिली. अमेरिकेने जपानची मालमत्ता गोठवली जुलैअखेर, तेल बंद झालं ऑगस्टमध्ये. म्हणजे तेलबंदीमुळे बेत ‘सुचला’ असं म्हणता येत नाही. तेलबंदीमुळे तो अंमलात आणण्याचा ‘निर्णय’ झाला, असं मात्र म्हणता येतं, आणि बरेच इतिहासकार म्हणतातही. वाचताना मार्जिनमध्ये १, २, ३, ४ असा आकडा टाकत जा. लेखक न सांगता एका आकड्यावरून दुसऱ्यावर उडी मारतो, ती जागा लगेच दिसते.

२. घड्याळं जुळवा

१९४१ मध्ये होनोलुलूचं घड्याळ वॉशिंग्टनच्या साडेपाच तास मागे होतं (आजच्या हिशोबाने जाल तर चुकाल, तो अर्धा तास नंतर काढून टाकला). टोकियो वॉशिंग्टनच्या १४ तास पुढे. होनोलुलूत रविवारी सकाळी ७:५५ म्हणजे वॉशिंग्टनमध्ये दुपारचे १:२५ आणि टोकियोत सोमवार ८ डिसेंबर, पहाटेचे ३:२५. जपानी पुस्तकांत हल्ला ८ तारखेला होतो तो यामुळे.

हा तक्ता हाताशी नसला तर काय होतं ते पाहा. ‘हल यांनी २६ नोव्हेंबरला अमेरिकेच्या अटींचं कडक टिपण जपानी राजदूतांच्या हाती ठेवलं, आणि त्याच २६ नोव्हेंबरला जपानी ताफा निघाला’ असं वाक्य सर्रास भेटतं. वाचणाऱ्याला वाटतं, टिपणाचा राग आला आणि ताफा सुटला. पण ताफा एतोरोफू बेटावरच्या हितोकाप्पू उपसागरातून निघाला तो टोकियोच्या २६ तारखेच्या सकाळी; वॉशिंग्टनमध्ये तेव्हा २५ ची दुपार होती. हल यांचं टिपण दिलं गेलं वॉशिंग्टनच्या २६ तारखेच्या संध्याकाळच्या सुमारास. म्हणजे ताफा एक अख्खा दिवस आधीच समुद्रात.

मग हल टिपणाला काही अर्थच नाही? तसंही नाही. ताफा परत बोलावता येईल अशीच आज्ञा होती. शेवटचा निर्णय १ डिसेंबरच्या सम्राटांपुढच्या परिषदेत झाला, आणि ‘नीताका पर्वत चढा’ हा, हल्ला पक्का असल्याचा, संकेत त्यानंतर गेला. त्यामुळे टिपणाने युद्धाचा निर्णय ‘घडवला’ की आधीच झुकलेल्या निर्णयावर ‘शिक्का मारला’, हा खरा वाद आहे. तारीख नीट लावल्याशिवाय त्यात उतरताच येत नाही.

आणखी एक जोड. मलायात कोटा बारूच्या किनाऱ्यावर जपानी सैन्य पर्ल हार्बरच्या तासाभराहून थोडं आधी उतरू लागलं होतं. नोमुरांनी आणलेलं जपान सरकारचं १४ भागांचं शेवटचं निवेदन हल यांच्या हाती दुपारी २:२० ला, हल्ल्यानंतर, पडलं. ते टाइप करायला उशीर झाला यावर पानंच्या पानं लिहिली गेली आहेत. मलाया ब्रिटनच्या ताब्यात होता, पण ब्रिटनला तर उशिराचंही निवेदन कुणी दिलं नव्हतं. शिवाय त्या निवेदनाच्या १४ व्या भागात ‘वाटाघाटींतून तडजोड होणं शक्य नाही’ एवढंच होतं. युद्धाची घोषणा त्यात कुठेच नव्हती. वेळेवर पोचतं तर सगळं कायदेशीर झालं असतं, हे म्हणणं म्हणून लंगडं आहे.

३. प्रत्येक कागदाला चार तारखा असतात

या विषयात सर्वांत जास्त दिशाभूल इथे होते, म्हणून इथे वेळ द्या. पकडलेला संदेश म्हणजे वाचलेला संदेश नव्हे. लिहिण्यापासून अधिकाऱ्याच्या टेबलापर्यंत तीन टप्पे असत, आणि प्रत्येक टप्प्यावर दिवस किंवा आठवडे जात. होनोलुलूतल्या जपानी वकिलातीचे तीन संदेश वहीत मांडून पाहा.

पहिला: २४ सप्टेंबर १९४१, टोकियोकडून. पर्ल हार्बरचं पाणी पाच विभागांत वाटा, आणि कुठली जहाजं कुठे उभी आहेत, एकाच धक्क्याला दोन-दोन लागलेली आहेत का, ते विभागवार कळवा. भाषांतर झालं ९ ऑक्टोबरला, वॉशिंग्टनमध्ये. किमेल आणि शॉर्ट यांच्याकडे गेला नाही.

दुसरा: २ डिसेंबर, टोकियोकडून. बंदरावर विमानं अडवणारे फुगे सोडलेत का, बॅटलशिपांना टॉर्पेडोविरोधी जाळी आहे का? भाषांतर झालं ३० डिसेंबरला.

तिसरा: ६ डिसेंबर, होनोलुलूहून. अचानक हल्ल्याला अजून चांगला वाव आहे, अशा अर्थाचा मजकूर. भाषांतर ८ डिसेंबरला.

फक्त पहिला रकाना पाहिला तर तिन्ही कागद आरोपपत्रासारखे दिसतात. चौथा रकाना पाहिला तर उरतो एकच, सप्टेंबरचा. तोही निर्विवाद नाही. जहाजांची माहिती टोकियो मनिला, पनामा, अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या बंदरांबद्दलही मागत होतं; वॉशिंग्टनमधल्या काहींना वाटलं, हा संदेश लांबवण्याऐवजी थोडक्यात माहिती पाठवण्याची युक्ती आहे. पण बंदराचे चौकोन पाडायला सांगितलं गेलं ते फक्त पर्ल हार्बरचे. टीकाकारांचं बोट नेमकं इथे आहे, आणि माझ्या मते ते योग्य जागी आहे. हा कागद किमेलना न पाठवण्याचं पटणारं कारण कुणीच दिलेलं नाही.

दोन संदेश मागे का पडले, याचं उत्तर रुक्ष आहे. उलगडणारी माणसं थोडी, संदेश ढीगभर, आणि प्राधान्य राजदूतांच्या वरच्या दर्जाच्या संदेशांना. वकिलातीची खालच्या दर्जाची सांकेतिक लिपी रांगेत शेवटी. इतिहासकार ज्याला ‘गोंगाट’ (कामाचा इशारा बुडवणारी माहितीची गर्दी) म्हणतात त्याचा मोठा भाग हा असा, कामाच्या रांगेचा आहे.

४. कोणती लिपी, ते विचारा

‘अमेरिकेने जपानी लिपी फोडली होती’ हे वाक्य दिसलं की थांबा. कुठली?

पर्पल ही परराष्ट्र खात्याची यंत्रावर चालणारी लिपी. अमेरिकी लष्कराच्या गटाने ती सप्टेंबर १९४० मध्ये फोडली. तिच्यातून मिळणाऱ्या माहितीला ‘मॅजिक’ म्हणत. अडचण अशी की जपानी नौदलाने हल्ल्याचा बेत आपल्याच राजदूतांना सांगितला नव्हता. पर्पल कितीही वाचलं तरी त्यात ‘पर्ल हार्बर, रविवारी सकाळी’ सापडणं शक्यच नव्हतं. शिवाय पर्पल वाचणारं यंत्र फिलिपिन्समध्ये होतं, हवाईत नव्हतं.

नौदलाची मुख्य लिपी म्हणजे जेएन-२५. डिसेंबर १९४१ पर्यंत तिची नवी आवृत्ती तुकड्यातुकड्यानेच उमगली होती. युद्ध संपल्यावर, १९४५-४६ मध्ये, साठवलेले जुने संदेश पुन्हा घेऊन उलगडले गेले. या कागदांवर पकडल्याची तारीख १९४१ ची असते. ती पाहून ‘बघा, अमेरिकेकडे होतं’ म्हणणारी पुस्तकं निघाली. संदेश होता हे खरं. वाचता येत होता, असं त्यावरून ठरत नाही. तिसऱ्या पायरीतला चौथा रकाना इथे पुन्हा कामाला येतो.

‘पूर्वेचा वारा, पाऊस’ या, रेडिओवरच्या हवामानाच्या बातमीत लपवून द्यायच्या, जपानी संकेताचा वादही भेटेल: तो अंतिम संकेत प्रत्यक्ष ऐकला गेला का, आणि मग कागद गहाळ केला का. नवख्याने यात फार वेळ घालवू नये. तो आला असं धरलं तरी त्याचा अर्थ ‘अमेरिकेशी संबंध बिघडण्याच्या बेतात’ एवढाच. जागा त्यातही नाही.

५. चौकशा क्रमाने लावा

डिसेंबर १९४१ ते १९४६ या काळात आठ-नऊ चौकशा झाल्या (आकडा मोजणीवर ठरतो). प्रत्येकीचा निकाल वेगळा, कारण प्रत्येकीसमोरचे कागद वेगळे. जानेवारी १९४२ च्या रॉबर्ट्स आयोगाने किमेल आणि शॉर्ट यांच्यावर कर्तव्यच्युतीचा ठपका ठेवला. अहवालात मॅजिकचा उल्लेख नव्हता. १९४४ मध्ये नौदलाच्या चौकशी न्यायालयासमोर मॅजिक आलं, आणि दोषाचा काटा किमेलवरून बराचसा स्टार्क यांच्याकडे वळला. १९४६ मध्ये काँग्रेसच्या समितीचं बहुमत म्हणालं, हवाईत चूक झाली ती निर्णयाची, कर्तव्यात कसूर नव्हे. दोन रिपब्लिकन सिनेटरांनी वेगळा अहवाल देऊन वॉशिंग्टनवर जास्त दोष टाकला. पक्षीय राजकारण यात होतं, ते लपवायचं कारण नाही. १९९९ मध्येसुद्धा किमेल-शॉर्ट यांची प्रतिष्ठा परत देण्याचा ठराव सिनेटमध्ये ५२ विरुद्ध ४७ असा निसटता संमत झाला.

त्यामुळे कुठलाही लेखक ‘चौकशीत सिद्ध झालं’ म्हणाला की विचारा: कुठल्या?

६. लेखक कोणत्या काळात लिहीत होता

इतिहासकार हातातल्या कागदांइतकाच शहाणा असतो. चार्ल्स बीअर्ड यांनी १९४८ मध्ये रूझवेल्ट यांच्यावर देशाला युद्धाकडे नेल्याचा ठपका ठेवला, तेव्हा वादाचा रोख होता राष्ट्राध्यक्षांच्या अधिकारावर. १९६२ मध्ये रोबर्टा वोलस्टेटर यांनी प्रश्नच फिरवला: माहिती कमी नव्हती, उलट इतकी होती की कामाचा इशारा गोंगाटात बुडाला. हा विचार पुढे पर्ल हार्बरपुरता राहिला नाही. अचानक हल्ल्यांच्या सगळ्याच अभ्यासात तो घुसला. गॉर्डन प्रँज यांनी जपानी अधिकाऱ्यांच्या मुलाखतींवर अनेक वर्षं काम केलं. त्यांचं पुस्तक निघालं १९८१ मध्ये, मृत्यूनंतर. त्यानंतर जपानचं कसब आणि नियोजन दुर्लक्षून लिहिणं अवघड झालं.

गोंगाटाचा मुद्दा पटणारा आहे, पण तो फार सोयीचाही आहे. गोंगाट म्हटलं की कुणाचाच दोष उरत नाही. २४ सप्टेंबरचा संदेश गोंगाटात हरवला नव्हता; तो वाचून बाजूला ठेवला गेला.

७. कटाचा दावा कसा तपासायचा

हेटाळणी करू नका, तपासा. सगळ्यात वजनदार पुरावा म्हणजे स्टिम्सन यांच्या रोजनिशीतली २५ नोव्हेंबरची नोंद: आपल्याला फार धोका न होता जपानने पहिली गोळी झाडावी अशी स्थिती कशी आणायची, हा प्रश्न बैठकीत होता. नोंद खरी आहे. पण त्या बैठकीत सगळ्यांची नजर दक्षिणेला, मलाया-सयामकडे (सयाम म्हणजे आजचं थायलंड) होती. तिथे हल्ला झाला तर अमेरिकन जनता युद्धाला तयार होणार नाही, ही चिंता होती. ‘युद्ध येतंय हे माहीत होतं’ आणि ‘पर्ल हार्बरवर येतंय हे माहीत होतं’ यांत पूर्ण महासागराचं अंतर आहे.

दुसरा पुरावा: विमानवाहू नौका नेमक्या बाहेर कशा? ‘एंटरप्राइझ’ वेक बेटाला विमानं पोचवून परतत होती आणि खराब हवेमुळे मागे पडली, नाहीतर ती बंदरात असती. ‘लेक्झिंग्टन’ मिडवेकडे निघाली होती. ‘सॅराटोगा’ अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर होती.

तिसरं, हेतू. जर्मनीविरुद्धच्या युद्धात शिरायला हा मागचा दरवाजा, असं म्हणतात. पण ८ डिसेंबरला रूझवेल्टनी काँग्रेसकडे मागितली ती फक्त जपानविरुद्ध युद्धाची घोषणा. जर्मनीने युद्ध पुकारलं ११ डिसेंबरला, आपण होऊन. आणि युद्धासाठी हल्ला लागतो, पराभव लागत नाही. ताफा सावध ठेवून हल्ला परतवला असता तरी युद्ध झालंच असतं.

८. जपानची बाजू शेवटी ठेवू नका

इंग्रजीत वाचणारे इथे नेहमी घसरतात. सगळी चर्चा ‘अमेरिकेला का कळलं नाही’ यावर, जणू जपान म्हणजे वादळ, ज्याला कारण नसतं.

ऑगस्ट १९४५ मध्ये जपानने ढीगभर कागद जाळले, म्हणून उरलेल्या परिषदांच्या टिपणांवर फार भार येतो. चार तारखा पाठ करा: १९४१ मधल्या २ जुलै, ६ सप्टेंबर, ५ नोव्हेंबर आणि १ डिसेंबर. या दिवशी सम्राटांपुढे परिषदा झाल्या, आणि प्रत्येक वेळी परतीची वाट थोडी अरुंद झाली. मधे ऑक्टोबरात कोनोए गेले, तोजो आले.

वाटाघाटींतल्या वादाची गाठ जपानने चीनमधून माघार घेण्याची. हल टिपणात ‘चीन’मध्ये मांचुरिया (जपानच्या ताब्यातला ईशान्येचा प्रदेश) धरला होता की नाही, हे टिपणात स्पष्ट नाही, टोकियोने धरला असं मानलं. तेलाबद्दलही दोन वाचनं आहेत. जपान सुमारे ८० टक्के तेल अमेरिकेकडून घेत होता. जुलैच्या आदेशानुसार परवाने मिळू शकत होते, पण गोठवलेले पैसे सोडणाऱ्या समितीतून, जिथे परराष्ट्र खात्याचे अधिकारी डीन ॲचिसन होते, एकही परवाना बाहेर पडेना. रूझवेल्टना संपूर्ण बंदी हवी होती की कारकुनी हातांनी ती तशी केली? दोन्ही बाजूंना चांगले अभ्यासक आहेत.

९. सराव: एकच कागद घ्या

सगळं एकदम लिहायला जाऊ नका. २७ नोव्हेंबरचा इशारा घ्या आणि एक पान लिहा.

किमेलना आलेल्या तारेत ‘हा संदेश युद्धाचा इशारा समजावा’ असे शब्द होते. हल्ल्याच्या संभाव्य जागा म्हणून फिलिपिन्स, सयाम किंवा क्रा द्वीपकल्प, कदाचित बोर्निओ ही नावं होती, हवाईचं नव्हतं. एक बाजू म्हणते, याहून स्पष्ट काय सांगायचं? दुसरी म्हणते, सहा हजार मैलांवरची नावं देऊन हवाई कसं सावध होणार?

शॉर्टना वेगळी तार गेली. त्यांनी उत्तर पाठवलं: घातपात रोखण्यासाठी सज्ज, नौदलाशी संपर्क. लष्कराच्या हवाईतल्या नियमांत सज्जतेचा पहिला क्रमांक सगळ्यात सौम्य, फक्त घातपाताविरुद्धचा. नौदलात पहिला क्रमांक सगळ्यात कडक. दोन्ही सेवा एकाच बेटावर, आकडे उलटे. घातपाताची भीती म्हणून विमानं राखायला सोपी जावीत अशी जवळजवळ उभी केली गेली.

आता वहीचा पाचवा रकाना भरा. शॉर्ट यांचं उत्तर वॉशिंग्टनला पोचलं, त्याची नोंद झाली. पुढचे नऊ-दहा दिवस ‘आम्ही घातपात म्हटलं नव्हतं’ असं कुणीही तिकडून कळवलं नाही.